हुकूमनाम्याला लगाम : सुप्याचा दंगा आणि १८७९ चा शेतकरी कायदा



आपल्या 'इतिहासाच्या पानांतून' या सदरात आज एका शब्दाबद्दल बोलू या. शब्द इंग्रजी आहे, पण आता तो गावोगावच्या मराठीत रुळला आहे. तो शब्द म्हणजे 'स्टे'. गावाकडून फोन येतो आणि काका सांगतात, "वरच्या कोर्टातून स्टे मिळाला बरं का." आपण इकडे हजारो मैलांवर "बरं झालं" म्हणतो आणि फोन ठेवतो. पण हा स्टे नेमका कशाला मिळतो?

पैशाचा किंवा जमिनीचा दावा जिंकला की न्यायालय हुकूमनामा देते. हुकूमनामा हातात आला म्हणजे पैसे हातात आले असे मात्र नाही. ते वसूल करण्यासाठी पुन्हा अर्ज करावा लागतो. आपल्याकडच्या कोर्टाच्या भाषेत त्याला 'दरखास्त' म्हणतात. मग बेलिफ येतो, जप्ती होते, लिलाव होतो. या वाटेवर मध्येच न्यायालय किंवा कायदा "थांबा" म्हणतो, तेव्हा त्याला स्थगिती म्हणायचे. कर्ज तसेच राहते, निकालही तसाच राहतो. थांबते ती फक्त वसुली.

म्हणजे स्थगितीने ऋणकोला मिळतो तो वेळ. या वेळात काय करायचे, हा प्रश्न दीडशे वर्षांपूर्वी पुणे आणि नगर जिल्ह्यांत इतका पेटला, की सरकारला हिंदुस्थानात तोवर न झालेला कायदा करावा लागला. आज त्याचीच हकीकत ऐकू या. आपल्यापैकी कुणाचे पणजोबा या गोष्टीत कर्ज घेणाऱ्यांच्या बाजूला असतील, तर कुणाचे देणाऱ्यांच्या. म्हणून दोन्ही बाजू नीट समजून घेऊ.

सुरुवात जरा मागून करू. पेशवाईतही सावकार होते, कर्ज होते आणि तगादाही होता. 'धरणे धरणे' हा आजचा आंदोलनाचा शब्द मूळचा वसुलीचाच. धनको ऋणकोच्या दारात उपाशी बसायचा आणि त्याला लाजेकाजेने पैसे द्यायला लावायचा. तंटा झाला तर पंचायत बसायची. 'दामदुप्पट' नावाचा जुना नियमही होता. एका वेळी वसूल करायचे व्याज मुदलापेक्षा जास्त होता कामा नये, म्हणजे शंभराचे फार तर दोनशे. सावकार गावातच राहायचा आणि त्याला गावाशी जुळवून घ्यावे लागायचे. कुणब्याची जमीन कर्जापायी थेट लिलावात निघणे ही रोजची गोष्ट नव्हती. तो काळ सोन्याचा होता असे मुळीच नाही. पण वसुलीच्या वाटेत माणसे उभी असत, आणि त्या माणसांशी बोलता येत असे.

इंग्रजी अमलात हे चित्र बदलले. १८३६ साली इंदापूर तालुक्यापासून जमिनीची नवी मोजणी आणि आकारणी सुरू झाली. सारा थेट रयतेवर बसला. त्याबरोबर जमिनीवरचा रयतेचा हक्क विकता येईल, गहाण टाकता येईल असा झाला. हा रयतेचा फायदाच होता, कारण हक्क पक्का झाला. पण जे विकता येते ते जप्तही होते. कालपर्यंत सावकाराची नजर पिकावर असायची. आता ती जमिनीवर गेली.

मग आले १८५९ साल. त्या वर्षी दिवाणी कामकाजाचा नवा कायदा आला आणि मुदतीचाही कायदा आला. मुदतीच्या कायद्याने साध्या कर्जाचा दावा तीन वर्षांच्या आत लावला पाहिजे असे ठरले. हेतू चांगला होता. जुनीपुराणी कर्जे उकरून कुणाला छळता येऊ नये, हा. प्रत्यक्षात उलटे झाले. तीन वर्षे भरत आली की सावकार म्हणायचा, "नवे खत लिहून दे, नाहीतर दावा लावतो." कुणबी नवे खत लिहून द्यायचा.

याचा हिशेब कागद-पेन्सिल घेऊन करून पाहा. समजा, शंभर रुपये घेतले, व्याज महिना दोन रुपये शेकडा. तीन वर्षांत व्याज झाले बहात्तर. नवे खत झाले एकशे बहात्तरचे, आणि आता हे सगळेच मुद्दल! आणखी तीन वर्षांनी त्यावर व्याज जवळजवळ एकशे चोवीस. म्हणजे सहा वर्षांत शंभराचे दोनशे शहाण्णव. दामदुप्पट तर कागदावर कुठेच मोडली नाही, कारण दर वेळी खत नवे आणि मुद्दल नवे. या खतावर कुणब्याचा अंगठा. त्यात काय लिहिले आहे ते त्याला वाचता येत नसे.

दावा लागला की समन्स निघायचे. कुणबी एक तर तालुक्याच्या गावी जायचाच नाही, कारण जाऊन सांगणार काय? खतावर अंगठा त्याचाच. बहुसंख्य हुकूमनामे एकतर्फी होत. मुन्सफालाही खताच्या मागे जाऊन पाहण्याचे कारण नव्हते. खत खरे, सही खरी, मग हुकूमनामा. त्यानंतर दरखास्त, जप्ती, लिलाव आणि शिवाय दिवाणी तुरुंगाची धमकी. या तुरुंगाच्या धाकानेच पुष्कळांनी पुढची खते लिहून दिली.

आता या गोष्टीत अमेरिका येते. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध पेटले आणि दक्षिणेकडचा कापूस इंग्लंडला मिळेनासा झाला. लँकेशायरच्या गिरण्यांनी मुंबईकडे धाव घेतली. कापसाचे भाव कडाडले, त्याबरोबर बाकीच्या मालाचेही भाव चढले. दख्खनमध्ये पैसा खेळू लागला आणि सावकारही मोकळ्या हाताने कर्ज देऊ लागले. युद्ध संपले आणि भाव कोसळले. त्याच सुमारास जुन्या आकारणीची तीस वर्षे संपली. १८६७ पासून इंदापूर, भीमथडी अशा तालुक्यांत नवा, बराच वाढलेला सारा लागू होऊ लागला. हा वाढीव सारा तेजीतले भाव डोळ्यांसमोर ठेवून ठरवलेला, आणि तो भरायचा मात्र मंदीत. सावकाराने पाहिले की कुळाची पत संपली. त्याने नवे कर्ज थांबवले आणि जुने वसूल करायला सुरुवात केली. कोर्टांत दाव्यांची आणि दरखास्तींची रीघ लागली.

१८७४ च्या डिसेंबरात शिरूर तालुक्यातल्या कर्डे गावी एक प्रकार घडला. काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख यांच्याविरुद्ध दीडशे रुपयांच्या कर्जापायी हुकूमनामा मिळवला आणि त्यांचे घर पाडायला घेतले. गाव पेटून उठले, पण हातात काठी घेऊन नव्हे. गावाने बहिष्कार टाकला. सावकाराकडून माल घ्यायचा नाही, त्याचे काम करायचे नाही, त्याच्याशी व्यवहार ठेवायचा नाही. ही लाट आजूबाजूच्या गावांत पसरली.

पुढच्या वर्षी १२ मे १८७५ रोजी सुपे इथे बाजाराच्या दिवशी ठिणगी पडली. हे सुपे तेव्हा भीमथडी तालुक्यात होते, आज बारामती तालुक्यात आहे. जमावाने सावकारांच्या घरांवर आणि दुकानांवर हल्ला केला. पुढच्या काही आठवड्यांत पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या कितीतरी गावांत तेच घडले. सरकारी चौकशीत एक गोष्ट ठळकपणे पुढे आली. जमाव जवळजवळ सगळीकडे एकच गोष्ट मागत होता : खते आणि हुकूमनामे. ते हाती दिले तर बऱ्याच ठिकाणी सावकाराला धक्काही लागला नाही. दिले नाहीत तिथे घरे जळाली. माणसांवर हल्ले त्या मानाने थोडे झाले. कागद मात्र ढिगाने जळाले.

श्रोतेहो, दंगा तो दंगाच. त्यात बायकामुलांसह गाव सोडून पळावे लागलेली कुटुंबेही होती. त्यांनी तर सरकारी कायद्यानेच हुकूमनामे मिळवले होते. दोन्ही जिल्ह्यांत मिळून साडेनऊशेच्या आसपास लोकांना अटक झाली आणि त्यांतल्या सुमारे पाचशे जणांना शिक्षा झाली. पण जमावाने खजिना सोडून दप्तर का जाळले, याचा विचार सरकारलाही करावा लागला. कायदेशीर मार्गाने "थांबा" म्हणणारे कुणी नव्हते, म्हणून लोकांनी आगपेटीने स्थगिती घेतली.

सरकारने चौकशी आयोग नेमला. त्याचा अहवाल येतो न येतो तोच १८७६ ते १८७८ चा भीषण दुष्काळ पडला. १८७९ च्या सुरुवातीला वासुदेव बळवंत फडके यांचे बंड झाले. त्यातही सावकारांवर दरोडे पडले. आता मात्र सरकारला थांबता येईना. १८७९ सालचा सतरावा कायदा मंजूर झाला. इंग्रजीत त्याचे नाव 'डेक्कन ॲग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ ॲक्ट', म्हणजे दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा. तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू झाला.

या कायद्याने कुणाचेही कर्ज सरसकट माफ केले नाही. त्याने काय केले ते एकेक करून पाहू.

पहिली गोष्ट, प्रतिवादी शेतकऱ्याला न्यायालयाने स्वतः बोलावून विचारायचे. एकतर्फी निकालाची सवय मोडायची होती.

दुसरी, खताच्या मागे जायचे. व्यवहार सुरू झाला तेव्हापासूनचा हिशेब उघडायचा, मुद्दल आणि व्याज वेगळे करायचे आणि व्याजावर व्याज धरायचे नाही. आपण मघाशी केलेला हिशेब आता मुन्सफाने करायचा होता, पण उलट दिशेने, दोनशे शहाण्णववरून मागे शंभरापर्यंत.

तिसरी, निघेल ती रक्कम हप्त्यांनी द्यायची सवलत न्यायालय देऊ शकेल. दावा चालू असतानाच नव्हे, तर हुकूमनामा झाल्यावर, दरखास्तीच्या वेळीसुद्धा.

चौथी, पैशाच्या हुकूमनाम्यापायी शेतकऱ्याला तुरुंगात टाकायचे नाही.

पाचवी आणि सगळ्यांत मोठी, शेतकऱ्याची जमीन त्या कर्जासाठी खास गहाण दिलेली नसेल, तर ती जप्त करायची नाही आणि विकायचीही नाही. फार तर कुटुंबाच्या पोटापाण्याला लागते ती जमीन सोडून उरलेली कलेक्टरने जास्तीत जास्त सात वर्षे ताब्यात घ्यावी, तिच्या उत्पन्नातून कर्ज फेडावे आणि जमीन परत द्यावी.

शिवाय दाव्याआधी समेटाची सोय केली. शेतकऱ्याची खते गावच्या नोंदणी अधिकाऱ्यापुढे लिहायची असे ठरले. पैसे दिले की पावती मागण्याचा हक्क मिळाला. तीन वर्षांच्या मुदतीचा फासही सैल केला. साध्या कर्जाला सहा वर्षे आणि अशा नोंदलेल्या खताला बारा वर्षे.

पाहा, नुसती वसुली थांबवली असती तर सहा महिन्यांनी तोच बेलिफ त्याच दारात उभा राहिला असता. इथे वेळ दिला आणि त्या वेळाला कामही दिले : हिशेब उघडा, हप्ते बांधा, पोटापुरती जमीन बाजूला ठेवा. १८७९ च्या कायद्याचे हे खरे मोठेपण. दामदुप्पट आणि पंचायत यांच्यामागे जी जुनी समज होती, ती त्याने नव्या न्यायालयात आणून बसवली.

या कायद्याखालचे खास न्यायाधीश म्हणून न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी काम केले. पुढे १८९३ साली ते मुंबई हायकोर्टावर गेले. गावोगावच्या दौऱ्यांतले त्यांचे आयुष्य रमाबाई रानडे यांच्या आठवणींच्या पुस्तकात वाचायला मिळते. पुस्तक घरी असेल तर ती पाने या दृष्टीने पुन्हा वाचा.

मग सगळे सुरळीत झाले का? नाही. आणि ते का झाले नाही, हे समजून घेण्यासारखे आहे.

सावकाराने कायदा वाचला. "गहाण नसेल तर जमीन विकता येणार नाही" म्हणता? ठीक आहे, मग गहाण असल्याशिवाय कर्जच देत नाही. पूर्वी जे नुसत्या खतावर मिळायचे, त्यासाठी आता जमीन लिहून द्यावी लागू लागली. त्याहून पुढची पायरी म्हणजे गहाणखताऐवजी सरळ खरेदीखतच करायचे आणि तोंडी सांगायचे, "पैसे आणून दे, जमीन तुझी." कागदावर विक्री, मनात गहाण. पुढे कायद्यात भर घालून न्यायालयाला असा अधिकार द्यावा लागला, की खरेदीखताच्या आड खरा व्यवहार गहाणाचा आहे का, हे तपासता यावे. इकडे शेतकरी नसलेले लोकही "आम्ही शेतकरी" म्हणून सवलत मागू लागले. 'शेतकरी कुणाला म्हणायचे' यावरच खटले चालले.

मुख्य अडचण तर वेगळीच होती. पेरणीच्या तोंडावर बी-बियाण्याला पैसे लागतात आणि सारा भरायला पैसे लागतात. सावकाराचा हात आखडला तर ते आणायचे कुठून? विल्यम वेडरबर्न या जाणत्या इंग्रज अधिकाऱ्याने पुरंदर तालुक्यात शेतकी पेढी काढण्याची योजना मांडली होती. पुण्याच्या पुढाऱ्यांचा तिला पाठिंबा होता, हिंदुस्थान सरकारही अनुकूल होते. पण लंडनहून नकार आला. सहकारी पतपेढ्यांचा कायदा यायला १९०४ साल उजाडले. मधली पंचवीस वर्षे शेतकऱ्याला जुन्या कर्जापासून संरक्षण होते, पण नव्या कर्जासाठी दार तेच, सावकाराचे.

आता अमेरिकेकडे वळू, कारण तिथेही हाच प्रश्न जवळजवळ साठ वर्षांनी उभा राहिला. १९३३ ची मंदी. मध्य-पश्चिमेकडच्या शेतकऱ्यांची शेते गहाणापायी लिलावात निघत होती. शेजारी जमून लिलावात दोन-चार सेंटची बोली लावत आणि घेतलेले मूळ मालकाला परत देत. आयोवात तर संतापलेल्या जमावाने एका न्यायाधीशाला कोर्टातून बाहेर ओढले. सुप्याची आठवण यावी असेच हे सगळे. त्याच वर्षी मिनेसोटा राज्याने कायदा करून गहाण सोडवण्याची मुदत वाढवण्याचा अधिकार न्यायालयांना दिला. मिनियापोलिसमधल्या ब्लेझडेल कुटुंबाच्या घराचा खटला सुप्रीम कोर्टापर्यंत गेला. चौदा खोल्यांचे घर, तीन खोल्यांत कुटुंब राहायचे आणि बाकीच्या भाड्याने दिलेल्या. ८ जानेवारी १९३४ रोजी पाच विरुद्ध चार मतांनी निकाल लागला : कायदा वैध. मुदत वाढली, पण फुकट नाही. त्या कुटुंबाने महिना चाळीस डॉलर भरत राहायचे होते. म्हणजे धनकोचा हक्क बुडाला नाही आणि ऋणकोचे घरही गेले नाही. पुण्याच्या मुन्सफाला हा निकाल ओळखीचा वाटला असता!

इकडे मुंबई प्रांतात १९३८ साली लहान शेतकऱ्यांना जमिनीच्या लिलावापासून तात्पुरते संरक्षण देणारा कायदा झाला. १९३९ आणि १९४७ साली कर्जनिवारणाचे नवे कायदे आले. १८७९ ची काही बीजे आजही टिकून आहेत. आजच्या दिवाणी प्रक्रिया संहितेत शेतकऱ्याची अवजारे, बैल, बियाणे आणि त्याचे राहते घर यांना जप्तीपासून संरक्षण आहे. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी कायद्यात सावकारीच्या ओघात बळकावलेली जमीन परत देण्याचा अधिकार जिल्हा निबंधकांना आहे. मात्र व्यवहार पंधरा वर्षांच्या आतला असावा लागतो. कागदावर विक्री आणि मनात गहाण, हा जुना प्रश्न अजून संपलेला नाही, एवढेच यावरून कळते.

तर श्रोतेहो, पुढच्या वेळी गावाहून "स्टे मिळाला" असा फोन येईल, तेव्हा नुसते "बरं झालं" म्हणून थांबू नका. आणखी दोन-तीन प्रश्न विचारा. स्टे कशाला मिळाला, निकालाला की वसुलीला? किती दिवसांचा? न्यायालयाने काही रक्कम भरायला किंवा तारण द्यायला सांगितले आहे का, आणि ते दिले का? कारण नुसते अपील दाखल केल्याने वसुली आपोआप थांबत नाही. स्थगिती मागावी लागते, आणि मिळाली तरी बहुधा अटींवर मिळते. ती अट चुकली तर स्टेही जातो. बाकी सल्ला अर्थातच तुमच्या वकिलांचा घ्या.

आणि आणखी एक विनंती. सुटीत गावी जाल तेव्हा घरातल्या जुन्या ट्रंकेत पाहा. मोडीतले एखादे खत, एखादी पावती, एखादा हुकूमनामा निघेल. तो कुणाच्या बाजूचा आहे याची लाज किंवा गर्व बाळगायचे कारण नाही. मुलांना तो दाखवा आणि सांगा, की सुप्याच्या बाजारात जे जाळले गेले, ते असेच कागद होते. आणि त्यानंतर चार वर्षांनी कायद्याने ठरवले, की कागद जाळायचा नाही, तर तो उघडून त्याचा हिशेब करायचा.

पुढच्या भागात पुन्हा भेटू. तोपर्यंत नमस्कार!